न मागता मिळालेली मुदत

आमच्या बचत गटात मुदत वाढवून घ्यायची असेल, तर बाईला सगळ्यांसमोर तोंड उघडावं लागतं. दहा-बारा बाया सतरंजीवर बसलेल्या असतात. जिला हप्ता जमला नाही ती आधी पाणी पिते, मग लेकराच्या तापाचं नाहीतर नवऱ्याच्या बंद पडलेल्या कामाचं सांगते, आणि शेवटी म्हणते, "बाई, मले दोन महिने मुदत द्या." त्यावर तासभर कचकच होते. एक म्हणते, मागच्या खेपेलेबी हिचं हेच गाणं होतं. दुसरी म्हणते, देऊन टाका वो माय, आज तिच्यावर आली, उद्या आपल्यावर येईल. मग मुदत मिळते, आणि ती बाई खाली मान घालून चहा पिते.

मी त्या गटाची सचिव. गडचांदूरला राहते, ब्लाऊज शिवते, बारावी झाली आहे, आणि तोंडाने फटकळ आहे. गटातल्या बाया म्हणतात, "हिच्या तोंडी लागू नका, भोंगा हाये हे बाई." खरंच आहे. मुदत मागणारीला सगळ्यात जास्त मीच बोलत असे. मुदत म्हणजे दया. ती अडलेल्याला मिळते, मागितल्यावर मिळते, आणि ज्याचं नीट चाललं आहे त्याला तिचं काही काम नाही. हे माझ्या डोक्यात पक्कं बसलं होतं. आमच्या घराचं जे झालं ते या एका शब्दापायी झालं, म्हणून आधी सांगितलं.

माझा नवरा सिमेंटच्या कारखान्यात पॅकिंगला आहे, पर्मनंट. आमच्याकडे नवऱ्याचं नाव घेत नाहीत, मी "हे" म्हणते. यांचं गाव आरमोरीकडे, धानाचा मुलूख. यांचे मोठे भाऊ, म्हणजे माझे भासरे, तिकडची शेती पाहतात. लग्न झालं तसे आम्ही इकडे आलो आणि किती तरी वर्षं भाड्याच्या खोलीत काढली. घरमालकीण आमच्या बादल्या मोजायची. पाहुणा आला की दारात येऊन उभी राहायची आणि विचारायची, "किती दिवस हायेत?" एकदा भासरे तांदळाचं पोतं घेऊन आले होते. तिने त्यांच्यासमोरच विचारलं. ते पाणी प्याले आणि संध्याकाळच्या गाडीने परत गेले. त्या दिवशी मी यांना म्हटलं, "अवो, घर पाहावं बांधून म्हणते लोक. आपणबी पाहूनच घेऊ ना एकडाव."

बँकेतल्या साहेबांनी दहा लाख मंजूर केले. पंधरा वर्षं, साडेनऊ हजारांच्या थोडा वर हप्ता. आमची एकुलती मुलगी तेव्हा पहिलीत होती. साहेब म्हणाले, व्याज फ्लोटिंग आहे, म्हणजे तरंगतं, वर-खाली होत राहतं. हे म्हणाले, "तरंगते म्हणजे बुडत त नाई ना, साहेब?" साहेब हसले, आम्हीही हसलो. मग सह्या. इतक्या सह्या की शेवटी शेवटी यांचं आडनाव निम्मंच उमटायला लागलं. मी तिथेच बसल्या बसल्या गुणाकार केला. पंधरा वर्षांचे हप्ते म्हणजे सतरा लाखांच्या वर जात होतं. दहाचे सतरा. मला काही ते फार वाटलं नाही. उलट बरं वाटलं, की चला, घराची खरी किंमत कळली, आता आंधळ्या कोशिंबिरीचं काम नाही. गटात असंच असतं. हप्ते किती ते एकदा ठरलं की ठरलं. शेवटचा दिला की बाई हात झटकून उठते.

घर झालं. ले-आउटमधला कोपऱ्याचा प्लॉट, दोन खोल्या, स्वयंपाकघर, मागे न्हाणीघर. स्लॅब पडला त्या दिवशी मिस्त्री-मजुरांना मी मटण-भात घातला. भंतेजींनी येऊन वंदना घेतली, आणि भासरे चार दिवस राहिले. कोणी विचारलं नाही, किती दिवस म्हणून. दुपारी खाणीत सुरुंग उडाला की मांडणीवरची भांडी किणकिणायची, आणि वर्षाच्या आतच स्वयंपाकघराच्या भिंतीला केसाएवढी भेग पडली. मी बोंबलले. हे शांतपणे म्हणाले, "चुनखडीच्या गावात राह्यतो आपण, चुना त लागनच." यांचं असंच असायचं. मी दहा वाक्यं बोलणार, हे एक.

दुसऱ्या वर्षाची गोष्ट. हे बँकेत पासबुक छापायला गेले होते. परत आल्यावर चप्पल काढता काढता म्हणाले, "व्याज वाढलं म्हणते. पण हप्ता तोच ठेवला. मुदत वाढवून देली म्हणे."

मी शिलाई मशीनवर होते. पाय थांबवलासुद्धा नाही. "आपल्याले काहाले पाह्यजे मुदत? आपण काय थकलो हावो का? एक तारीख चुकली नाई आपली."

"मीबी हेच म्हटलं त्याले. ठेवा म्हटलं तुमच्यापाशीच."

"बरं केलं."

आणि आम्ही खूश झालो. खरंच झालो. बँकेने आपण होऊन मुदत देऊ केली, आणि आम्ही ती ताठ मानेने नाकारली, असं आम्हाला वाटलं. मी गटाच्या मीटिंगमध्येही सांगितलं, की बघा बायांनो, वेळेवर भरलं तर बँक अशी मागे लागते. पुढची सगळी वर्षं आम्ही तसेच चाललो. दर महिन्याच्या पाच तारखेला खात्यातून तेवढेच पैसे जायचे. बँकेचे मेसेज इंग्रजीत, यांच्या फोनवर, रिचार्जच्या आणि लॉटरी लागल्याच्या मेसेजच्या गर्दीत. आम्ही आकडा तेवढा पाहायचो. साडेनऊ हजार गेले म्हणजे सगळं ठीक.

यांचे कान कधी जायला लागले ते नेमकं सांगता येत नाही. पॅकिंगमध्ये पोती भरणारं यंत्र गरगर फिरतं, पट्टे चालतात, खाली ट्रक लागलेले असतात, आणि माणूस माणसाशी हातवाऱ्यांनी बोलतो. कानाला लावायचं कंपनी देते, नाही देत असं मी म्हणणार नाही. पण ते लावलं की मागून येणारी गाडी कळत नाही, मुकादमाची हाक कळत नाही, आणि घामाने कान चिघळतात. म्हणून हे ते गळ्यात अडकवून ठेवायचे. तिथे सगळेच तसं करतात.

घरी आधी टीव्ही मोठा झाला, मग आमचं बोलणं. शेजारीण एकदा धावत आली, "काय झालं वो, काऊन भांडून राह्यले?" आम्ही भाजी कोणती करायची एवढंच ठरवत होतो. तेव्हा हसू यायचं. हे लोकांना सांगायचे, "मशीननं नाई बाप्पा, हिच्या तोंडानं गेले माहे कान." मीही म्हणायचे, "बरं झालं, नाईतर तुमाले माह्यं सगळंच ऐकू आलं असतं."

मग चंद्रपूरच्या कानाच्या डॉक्टरकडे गेलो. त्यांनी यांना एका बंद खोलीत बसवून तपासलं आणि कागदावरची रेघ मला दाखवली. ती उजवीकडे जाता जाता खाली उतरत गेली होती. डॉक्टर म्हणाले, "जे गेलं ते परत यायचं नाही. जे उरलं आहे ते राहू शकतं, पण त्या आवाजातून बाहेर पडले तर. नाहीतर हळूहळू तेही जाईल." मी विचारलं, किती दिवसांत? ते म्हणाले, नक्की नाही सांगता येत, चार-पाच वर्षं म्हणा, जास्त म्हणा.

यांनी कारखान्यात दुसरीकडे काम मागितलं. मिळत होतं, स्टोअरमध्ये. पण तिकडे ओव्हरटाइम नाही, पॅकिंगचा भत्ता नाही. आम्ही बसून पाहिलं. घरखर्च, मुलीची फी, पाच तारखेचा हप्ता. हप्ता काही केल्या बसेना. कर्जाची तेव्हा चार वर्षं उरली होती, म्हणजे आमच्या समजुतीप्रमाणे. हे म्हणाले, "चार वर्सं काढतो. हप्ता संपला का दुसऱ्या दिवशी सोडतो. गावाले जातो, भावासंग धान करतो." मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "चार वर्साचे कान त असन ना माह्यापाशी?"

मी काही डॉक्टर नव्हते. तरी म्हटलं, "हायेत."

ती चार वर्षं आम्ही त्या एका वाक्यावर काढली. पावसाळा लागला की भासऱ्यांचा फोन यायचा, रोवण्याला ये म्हणून. रोवणा म्हणजे धानाची लावणी, त्या पंधरा दिवसांत तिकडे माणसाला माणूस मिळत नाही. यांना फोनवरचं नीट ऐकू यायचं नाही, म्हणून फोन माझ्या कानाला असायचा आणि मी मध्ये ओरडून सांगायचे. सुट्टी मिळायची नाही. हे मला सांगायचे, रोवण्याच्या बाया बांधीत, म्हणजे धानाच्या वाफ्यात, वाकून गाणं म्हणतात, एका धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, दुसऱ्या धुऱ्यापर्यंत ते गाणं जातं, आणि लहानपणी ते ऐकता ऐकता हे धुऱ्यावर झोपायचे. "ते ऐकाले भेटलं पाह्यजे अजून चार-दोन वर्सं," म्हणायचे. दुसरं काही मागितलं नाही या माणसाने. भासऱ्यांनी यांचा हिस्सा वेगळा राखून ठेवला होता.

शेवटचा हप्ता गेला. मुलगी नागपूरला नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला होती. यांनी सुट्टी टाकली, इस्त्रीचा शर्ट घातला, आणि अर्धा किलो पेढे घेतले. वरच्या खिशात राजीनाम्याचा अर्ज होता. मुलीने फोनवर सांगितला होता आणि मी लिहिला होता, फक्त तारीख टाकायची बाकी ठेवली होती. बँकेतून घराचे कागद घ्यायचे आणि तसंच कारखान्याच्या ऑफिसात जायचं, असं ठरलं होतं.

काचेच्या पलीकडे एक तरुण मॅडम होत्या, नागपूरकडच्या असाव्यात. मी म्हटलं, "घराचं कर्ज फिटलं, कागद घ्यायला आलो." त्यांनी नंबर टाकला, स्क्रीन पाहिली, पुन्हा पाहिली.

"काकू, हे बंद झालेलं नाही. अजून साडेचार लाखांच्या जवळपास बाकी आहे."

"दुसऱ्याचं खातं उघडलं असन तुमी."

त्यांनी नाव वाचून दाखवलं. आमचंच होतं.

"पंधरा वर्षं झाली ना मॅडम."

"हो, पण मुदत वाढलेली आहे. दर वाढला तेव्हा हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. सिस्टिम अजून पाच वर्षं दाखवते."

"आमी मुदत घेतली नव्हती," मी म्हटलं. "आमी नको म्हटलं होतं."

मॅडम माझ्याकडे पाहत राहिल्या. त्यांना माझं बोलणं कळलं नाही. मला मात्र त्यांचं कळायला लागलं होतं.

बाई चांगली होती. तिने स्क्रीन वळवली आणि समजावून सांगितलं. हप्त्यातून बँक आधी व्याज काढून घेते, उरलेलं मुद्दलात जातं. हे मला ठाऊक होतं, गटातही तसंच. कर्ज घेतलं तेव्हा साडेनऊ हजारांतले साडेसहा-सात हजार व्याजात जायचे. पण दर चढल्यावर, हप्ता तोच राहिल्यामुळे, आठ हजार व्याजात जायला लागले आणि मुद्दलात जेमतेम दीड हजार. मुद्दल हलेचना, म्हणून वर्षं वाढली. पाच वर्षं वाढली म्हणजे दहाचे सतरा नाही, दहाचे तेवीस होणार होते. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं, ते हेच. मी विचारलं, दर नंतर कधी उतरला नाही का? उतरला होता. नवीन लोकांना कमी दराने कर्ज मिळत होतं. जुन्या खात्याला अर्ज करून, थोडी फी भरून दर बदलून घ्यावा लागतो, आपोआप होत नाही.

"आमाले कोणी सांगितलं नाई."

"ब्रँचमध्ये नोटीस लावली होती, काकू."

"मंग आता बदलून द्या."

त्यांनी आकडे टाकले. "आता बदललं तरी तीनेक महिने वाचतील फक्त. आधी केलं असतं तर बरंच वाचलं असतं."

हे सगळं होईपर्यंत हे माझ्या बाजूला उभे होते. मध्ये काच, मॅडमचा आवाज बारीक. यांना एक अक्षर ऐकू आलं नव्हतं. यांनी एवढंच पाहिलं, की मॅडमनी स्क्रीन वळवली, मी आकडे पाहिले आणि मान हलवली. यांनी पेढ्यांचा डबा उघडला आणि काचेखालच्या फटीतून आत सरकवला. "घ्या मॅडम, तोंड गोड करा."

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी काहीच बोलले नाही. मी, जिला लोक भोंगा म्हणतात. त्यांनी एक पेढा उचलला आणि टेबलावरच्या कागदावर ठेवला. मग हे डबा घेऊन कॅशवाल्याकडे गेले, दारातल्या गार्डकडे गेले. कॅशवाला मोठ्या आवाजाचा माणूस. त्याने यांचा हात धरून हलवला, "अभिनंदन काका, आता मोकळे तुमी!" ते मात्र यांना ऐकू आलं. हे इतके हसले की मी दुसरीकडे पाहायला लागले.

बाहेर उसाच्या रसाचं दुकान आहे, तिथल्या बाकावर आम्ही बसलो. यांनी विचारलं, "कागद कवा देते म्हणे?"

हळू सांगायची सोय नव्हती. मी त्यांच्या कानाशी तोंड नेऊन ओरडले, "फिटलं नाई! अजून पाच वर्सं हायेत!"

रसवाला चरक थांबवून बघायला लागला.

"काय?"

"पाच वर्सं!"

हे आधी हसले. मी चेष्टा करते आहे असं त्यांना वाटलं, माझी तशी सवय आहे. मग त्यांनी माझं तोंड पाहिलं. मी ओरडून ओरडून सगळं सांगितलं. मुदत, ती दुसऱ्या वर्षीची, ती बँकेने देऊ केली नव्हती, ती बँकेने लावली होती. जाणारे-येणारे थांबून ऐकत होते. मला लाज वाटायला हवी होती, ती वाटली नाही. काहीच वाटत नव्हतं. हातपाय जागच्या जागी होते, आवाज निघत होता, आणि आत सगळं बधिर झालं होतं, दाताच्या डॉक्टरने सुई दिल्यावर गाल होतो तसं.

हे पुष्कळ वेळ डब्याच्या झाकणाची दोरी गुंडाळत बसले.

मी म्हटलं, "विकून टाकू."

"काय?"

"घर! विकून टाकू! साडेचार लाख देऊन टाकू बँकेचे, उरते ते घेऊ अन् गावाले जाऊ. तुमी आजच अर्ज द्या." मला ते खरंच पटलेलं होतं. मॅडमशी बोलता बोलताच माझ्या मनाने घर विकून टाकलं होतं. भिंती, कोपऱ्याचा प्लॉट, लावलेलं लिंबाचं झाड, सगळं. भेग पडलेलं घर आहे, दोन पैसे कमी येतील, येऊ द्या. पीएफ मुलीच्या कॉलेजात गेला होता, तेव्हा दुसरा रस्ताच नव्हता. "मले घर नाई पाह्यजे," मी ओरडले. "तुमचे कान पाह्यजेत मले!"

असं मी आयुष्यात त्यांना काही म्हटलं नव्हतं. रसवाल्यासमोर म्हटलं.

यांनी ऐकलं. नीट ऐकलं, कारण उत्तर सरळ आलं. "पंधरा वर्सं त्या मशीनपाशी उभा राह्यलो ते घर हाये म्हणून. आता घरच विकलं, त मंग उभा काहाले होतो मी?"

यावर मला बोलता आलं असतं. मला कशावरही बोलता येतं. पण या माणसाचे कान गेले होते ते या घरापायी, आणि घरही गेलं तर ते कान फुकट गेले असं झालं असतं. ते त्याला सोसवणार नव्हतं. यांनी डब्यातले उरलेले पेढे रसवाल्याच्या पोरांना दिले आणि आम्ही ऑटोने घरी आलो.

अर्ज खिशातच राहिला. दोन दिवसांनी शर्ट धुताना त्याचा भिजून झालेला गोळा हाताला लागला, तो मी मोरीच्या कडेला ठेवला आणि नंतर कचऱ्यात टाकला. हे दुसऱ्याच दिवशी सकाळच्या पाळीला गेले होते. भासऱ्यांना फोन मीच केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "हिस्सा त्याचाच हाये. कुठी पळून राह्यला नाई." त्या वर्षीपासून ते यांच्या हिश्श्याचे तांदूळ वेगळं पोतं बांधून पाठवतात.

कोणावर चिडावं हे मी पुष्कळ शोधलं. पहिल्या साहेबांवर चिडावं तर त्यांनी तरंगतं व्याज सांगितलं होतं, आम्हीच हसलो होतो. पासबुकवाल्यावर चिडावं तर त्याने शब्द बरोबर वापरला होता, मुदत वाढवली म्हणाला, वाढवलीच होती. मॅडमवर चिडावं तर ती बिचारी पेढा कागदावर ठेवून बसली होती. राग यायला कोणीतरी समोर लागतं. माझा राग सगळ्यांच्या दारात जाऊन परत आला आणि बसला. गटात आता कोणी मुदत मागितली तर मी बोलत नाही, लिहून घेते. बाया म्हणतात, सचिव बाई सुधरली. मी म्हणते, हो.

याला आता दोन वर्षं होतात. तीन उरली आहेत. तीन संपतील तेव्हा यांचं रिटायरमेंटही फार लांब नसेल, म्हणजे लवकर सोडण्याचा जो काही फायदा होता तो असाही संपला. हप्ता तोच आहे, तारीख तीच आहे. मुलगी नोकरीला लागली, ती म्हणते मी भरते थोडे, हे नाही म्हणतात. फोनवर तिच्याशी बोलत नाहीत आता, व्हिडिओवर फक्त हात करतात. चंद्रपूरहून कानाचं यंत्र आणलं होतं. ते लावलं की पंख्याची घरघर आणि भांड्यांचा खणखणाट तेवढा मोठा होतो, माणसाचं बोलणं तसंच फाटकं राहतं. ते कपाटात आहे. मागच्या महिन्यात पुन्हा तपासलं. डॉक्टरांनी यावेळी रेघ दाखवली नाही. एवढंच म्हणाले, आता कुठेही काम केलं तरी फरक नाही.

गेल्या रविवारी हे जेवायला बसले होते. गावच्या तांदळाचा भात होता, आंबाडीची भाजी होती. मी त्यांच्या पाठीमागे ओट्यापाशी उभी होते. घरात कसलाही आवाज नव्हता, माझा तर नाहीच. मी साध्या आवाजात म्हटलं, माणूस माणसाशी बोलतो तशा, "अवो, घर विकू."

हे भात कालवत राहिले.

समोर जाऊन कानाशी ओरडले असते, तर तोंड पाहून कळलं असतं त्यांना. मी गेले नाही. तेव्हा विकलं असतं तर जे वाचलं असतं, ते आता उरलेलं नव्हतं. यांनी ताट थोडं मागे सरकवलं आणि न वळता मोठ्याने म्हणाले, "मीठ आण वो जरासं." मी मीठ दिलं.